कमी पाण्याची बंदरं

क्रूझची सुट्टी हा शब्दप्रयोग आता बोरिवली, अंधेरी, मुलुंड, घाटकोपरच्या घरांत कुणाला नवा राहिलेला नाही. दिवाळी किंवा मे महिन्याच्या सुट्टीचा विषय निघाला की गोव्याची दोन रात्रींची सफर, सिंगापूरची क्रूझ, भूमध्य समुद्रातली आठवड्याची फेरी ही नावं चटकन पुढे येतात. ज्यांचं हे सगळं करून झालंय किंवा ज्यांना मुळातच गर्दी नको असते, ते टूर कंपनीला विचारतात, “जरा वेगळं ठिकाण सांगा, जिथे सगळे जात नाहीत.” मग एखादं अपरिचित नाव सुचवलं जातं, पैसे भरले जातात आणि त्या अपरिचित बंदरावर आपल्याबरोबर आणखी तीन हजार माणसं उतरतात. माझ्या मते इथे प्रश्नाचा क्रमच उलटा लागतो. ठिकाण आधी आणि जहाज नंतर, असा विचार हॉटेल निवडताना चालतो. समुद्रात तो चालत नाही. जहाज केवढं आहे आणि त्याचं बूड पाण्याखाली किती खोल जातं, यावर ते कुठे जाऊ शकतं हे ठरतं. म्हणून आडवाटेचं बंदर हवं असेल तर आधी लहान, कमी पाण्यात चालणारं जहाज शोधावं. जागा त्याच्यामागून आपोआप येतात. आणि हा निकष लावला की मुंबईकरासाठी सर्वांत आडवाटेची बंदरं परदेशात नसून आपल्याच किनाऱ्यावर आहेत, हेही कबूल करावं लागतं.

मोठ्या जहाजांचं गणित आधी पाहू. २०२४च्या जानेवारीत पहिल्या सफरीवर निघालेलं ‘आयकॉन ऑफ द सीज’ हे जहाज ३६५ मीटर लांब आहे. त्यात साडेसात हजारांच्या आसपास प्रवासी मावतात आणि त्याचं बूड नऊ मीटरांहून खोल जातं. एवढ्या जहाजाला गाळ काढून खोल केलेला मार्ग लागतो, तितकाच लांब धक्का लागतो आणि काही तासांत हजारो माणसं वाहून नेतील इतक्या बसगाड्या लागतात. अशी बंदरं जगात मोजकीच आहेत, म्हणून मोठी जहाजं फिरून फिरून तिथेच जातात. त्याचा ताण गावांवर पडला तेव्हा गावांनी दारं अरुंद केली. १ ऑगस्ट २०२१पासून व्हेनिसच्या मुख्य कालव्यात २५ हजार टनांहून मोठ्या जहाजांना मज्जाव झाला. क्रोएशियातल्या डुब्रोव्हनिकने एका वेळी दोनच जहाजं असा दंडक घातला. ग्रीसच्या सांतोरिनीने २०२५मध्ये क्रूझ प्रवाशांवर दिवसाला आठ हजारांची मर्यादा आणली. निसर्गाच्या बाबतीत नियम याहून कडक आहेत. गालापागोस बेटांत शंभरपेक्षा अधिक प्रवाशांचं जहाज फिरवता येत नाही. अंटार्क्टिकात पाचशेहून अधिक प्रवासी असलेल्या जहाजातून कुणालाही किनाऱ्यावर उतरवत नाहीत, आणि लहान जहाजांतूनही एका जागी एका वेळी शंभरच माणसं उतरतात. नॉर्वेच्या स्वालबार्डमध्ये २०२५च्या जानेवारीपासून संरक्षित क्षेत्रात दोनशे प्रवाशांची कमाल मर्यादा आहे. या सगळ्या नियमांचा रोख एकच आहे: ज्या जागा अजून जागा म्हणून उरल्या आहेत, त्यांच्याकडे जाण्याचा रस्ता लहान जहाजातूनच जातो.

हे पटवून घ्यायला उपनगराबाहेरही जावं लागत नाही. मुलुंड आणि भांडुपच्या पूर्वेला ठाण्याची खाडी आहे. २०१५ साली तिच्या पश्चिम काठाला फ्लेमिंगो अभयारण्याचा दर्जा मिळाला आणि २०२२मध्ये ती महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेली. हजारो रोहित पक्षी जिथे चरतात ती दलदल भरतीला पाण्याखाली असते आणि ओहोटीला उघडी पडते. ऐरोलीहून निघणाऱ्या वनविभागाच्या बोटी भरतीचं वेळापत्रक पाहूनच सुटतात, कारण पाणी उतरलं तर बोट चिखलात बसते. पश्चिमेला वर्सोव्याहून मढला जाणारी फेरीबोट, मार्वेहून मनोरीला आणि बोरिवलीच्या बाजूने गोराईला जाणारी बोट, यांच्याही वाटेत फार पाणी नाही. खाडीपलीकडे धारावी बेटावर मनोरी, गोराई, उत्तन अशी गावं, जुनी चर्चेस आणि कोळीवाडे आहेत, आणि खाडीच्या अलीकडे मॉल. फरक पाच-दहा मिनिटांच्या पाण्याचा. या खाडीवर मोठी बोट चालत असती तर पलीकडची गावं कधीच अलीकडच्यासारखी झाली असती. कमी पाणी ही त्या जागांची अडचण आहे तशीच त्यांची राखणही आहे.

कोकणच्या किनाऱ्याने हे तीनशे वर्षांपूर्वी सिद्ध केलेलं आहे, आणि या विषयाकडे ओढून नेणारा माझा सर्वांत आवडता पुरावा तोच. मराठ्यांचे सरखेल (आरमारप्रमुख) कान्होजी आंग्र्यांच्या आरमारात गुराब आणि गलबतं होती. ही जहाजं इंग्रजांच्या युद्धनौकांहून हलकी, बुडाने उथळ आणि वल्ह्यांवरही चालवता येणारी होती. वारा पडला की इंग्रजी जहाज जागीच अडकायचं, तेव्हा गलबतं वल्ह्यांवर त्याच्या मागच्या बाजूला येत, कारण तिथे तोफा कमी असत. पाठलाग झालाच तर ती खाडीत शिरत आणि खोल बुडाच्या जहाजाला खाडीच्या तोंडावरच्या वाळूच्या पट्ट्यापुढे थांबावं लागे. विजयदुर्ग हा या युक्तीचा कळस आहे. वाघोटण खाडीच्या मुखाशी तीन बाजूंनी पाणी असलेला तिहेरी तटाचा किल्ला, मागे खाडीत आत लपवलेली गोदी आणि किल्ल्याजवळ समुद्रात पाण्याखाली असलेली दगडी भिंत. ही भिंत राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या संशोधकांनी पाण्यात उतरून नोंदवली आहे. तिच्यावर शत्रूची जहाजं आपटत असत, असं परंपरा सांगते. १७१७मध्ये आणि नंतर १७२०च्या सुमारास इंग्रजांनी विजयदुर्गावर चाल केली आणि दोन्ही वेळा ते परत फिरले. १७५६ साली किल्ला पडला तेव्हा समुद्रातून इंग्रज सेनानी वॉटसनचं मोठं आरमार होतं आणि जमिनीवरून खुद्द पेशव्यांची फौज. नुसत्या मोठ्या जहाजांना तो किनारा कधी सहज वश झाला नाही. कुठलं जहाज कुठे पोचू शकतं हे किनाराच ठरवतो, ही गोष्ट आंग्र्यांना पुरती ठाऊक होती.

त्याच किनाऱ्यावर पुढे शंभर वर्षांहून अधिक काळ आगबोट चालली. आज बोरिवलीत, भांडुपमध्ये, घाटकोपरच्या चाळींत आणि सोसायट्यांत राहणाऱ्या असंख्य कोकणी कुटुंबांचे पणजोबा-आजोबा मुंबईला आले ते भाऊच्या धक्क्यावर उतरून. हा धक्का भाऊ अजिंक्य यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला उभारला. मुंबईहून निघालेली बोट हर्णै, दाभोळ, जयगड, रत्नागिरी, मुसाकाजी, विजयदुर्ग, देवगड, मालवण, वेंगुर्ला असे थांबे घेत पणजीला जायची. यातल्या बहुतेक ठिकाणी बोट धक्क्याला लागत नसे. ती बाहेर खोल पाण्यात नांगर टाकायची आणि किनाऱ्यावरून पडाव, म्हणजे लहान होड्या, यायचे. लाटेवर पडाव वर आला की खलाशी माणसाला हाताला धरून उतरवून घ्यायचे. बायका, मुलं, ट्रंका, आंब्याच्या पेट्या, सगळं तसंच. आज अंटार्क्टिकात किंवा गालापागोसमध्ये लोक लाखो रुपये मोजून रबरी बोटीतून किनाऱ्यावर उतरतात, ती पद्धत याहून फारशी वेगळी नाही. मोठ्या बोटीने जवळ यायचं, लहान बोटीने उतरायचं, उतरल्यावर गावात गावाच्या गतीने फिरायचं. आगबोटीच्या काळात याला कुणी सहल म्हटलं नाही, कारण ती गरज होती. पण सहलीच्या दृष्टीने त्या मार्गाची आखणी इतकी नेटकी होती की आज कागदावर नव्याने आखायला बसलं तरी फारसं काही बदलावं लागणार नाही.

थांब्यांच्या नावांमागे काय आहे ते पाहा. हर्णैसमोर समुद्रात सुवर्णदुर्ग. दाभोळ हे बहामनी आणि आदिलशाही काळातलं मोठं बंदर. पंधराव्या शतकात चौलला उतरलेला रशियन व्यापारी अफानासी निकितिन परतीच्या प्रवासाला दाभोळहून निघाला, आणि खाडीच्या काठावरची तिथली घुमटाची मशीद पाण्यावरूनच पाहावी अशी आहे. रत्नागिरीला ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा १८८६ साली समुद्रमार्गे आणला गेला. खाडीकडे तोंड केलेला त्याचा राजवाडा पुरा व्हायला १९१०चा सुमार उजाडला आणि १९१६मध्ये तो तिथेच वारला. मालवणसमोर कुरटे बेटावर शिवाजी महाराजांनी १६६४च्या नोव्हेंबरात सिंधुदुर्गाची पायाभरणी केली. त्याचा दरवाजा तटाच्या वळणांत असा दडवला आहे की समुद्रावरून येणाऱ्याला तो दिसत नाही. वेंगुर्ल्यात सतराव्या शतकातली डच वखार आहे आणि गावासमोरच्या खडकाळ बेटांच्या गुहांत पाकोळ्यांची वसाहत. हे सगळं समुद्राकडे तोंड करून बांधलेलं आहे. रस्त्याने मालवणला गेलेला माणूस किल्ल्याला मागून भेटतो. सिंधुदुर्गाचा दरवाजा का दडवला हे एस.टी. स्टँडवरून चालत जाताना कळत नाही. पाण्यातून किल्ला शोधत येणाऱ्यालाच ते कळतं.

मग ही बोट बंद का झाली आणि तशाच दुसऱ्या एका किनाऱ्यावरची चालू का राहिली, हा मला या सगळ्या विषयातला सर्वांत महत्त्वाचा प्रश्न वाटतो. नॉर्वेत १८९३च्या जुलैमध्ये रिचर्ड विथ नावाच्या कप्तानाने ‘वेस्टेरोलेन’ ही आगबोट ट्रॉन्ढाइमहून हामरफेस्टला नेली. टपाल, मासळी आणि माणसं नेणारी ती किनारी सेवा पुढे ‘हुर्टिग्रुटेन’ या नावाने जगभर गेली. आज हा मार्ग बर्गनपासून रशियाच्या सीमेजवळच्या किर्केनेसपर्यंत जातो, ३४ बंदरांवर थांबतो आणि जाऊन-येऊन बारा दिवस घेतो. काही बंदरांत बोट जेमतेम पाव तास थांबते. गावकरी चढतात, खोकी उतरतात, बोट पुढे निघते. परदेशी पर्यटक याच बोटीवर केबिन घेऊन राहतात आणि ही जगातली अत्यंत देखणी सागरी सफर समजली जाते. नॉर्वेतही रस्ते झाले, विमानतळ झाले, पूल झाले. तरी बोट टिकली, कारण सरकारने तिच्याकडे सार्वजनिक सेवा म्हणून पाहिलं, कंपन्यांना कराराने पैसे दिले आणि उरलेला खर्च पर्यटकाने भरला. आमच्याकडे असं दुपदरी गणित कुणी मांडलंच नाही. बॉम्बे स्टीम नॅव्हिगेशन कंपनी गेली, ‘माझी आगबोट’ म्हणून लोकांनी आपली मानलेली स्वदेशी कंपनी गेली, शेवटच्या काळात मोगल लाइनच्या ‘कोकण सेवक’ आणि ‘कोकण शक्ती’ धावल्या आणि १९८०च्या दशकाअखेर मार्ग थांबला. १९९०च्या दशकात दमानियांची वेगवान कॅटामरान गोव्याला जाऊ लागली, तीही टिकली नाही. १९९८च्या जानेवारीत कोकण रेल्वे संपूर्ण मार्गावर सुरू झाली आणि बोटीचा विषय संपला असंच सगळ्यांनी धरलं.

यावर पहिला आक्षेप येतो तो हवामानाचा. नॉर्वेचा किनारा खोल फिओर्डांचा आणि बर्फ न धरणारा; कोकणात चार महिने पावसाळा आणि खाड्यांच्या तोंडाशी वाळू. हे खरं आहे. पण अलास्काचा क्रूझ हंगाम साधारण मे ते सप्टेंबर एवढाच असतो आणि तेवढ्यावर तिथली गावंच्या गावं जगतात. कोकणाला ऑक्टोबर ते मे असे आठ महिने मिळतात. वाळूचं म्हणाल तर ती मोठ्या जहाजाची अडचण आहे. रेल्वेचा आक्षेपही असाच तपासून पाहावा. कोकण रेल्वेने माणसाचा प्रवास सोपा केला यात वाद नाही, पण तिचा मार्ग किनाऱ्यापासून आत आहे. मालवणला जायचं तर कुडाळला उतरावं लागतं आणि विजयदुर्गसाठी राजापूर किंवा कणकवलीहून घाटवळणांचा लांबचा रस्ता धरावा लागतो. रेल्वेने बंदरांची जागा घेतली नाही. तिने बंदरं बाजूला ठेवली. म्हणूनच ती आज आडवाटेची आहेत.

आता अलीकडच्या प्रयत्नांकडे येऊ. ऑक्टोबर २०१८मध्ये ‘आंग्रिया’ ही क्रूझ मुंबई-गोवा मार्गावर सुरू झाली. नाव सरखेल आंग्र्यांचं, आणि विजयदुर्गापासून शंभरेक किलोमीटर बाहेर समुद्रात बुडालेल्या प्रवाळाच्या बेटालाही तेच नाव आहे. शंभराहून थोड्या अधिक खोल्यांचं मध्यम जहाज, म्हणजे या किनाऱ्याला शोभेल असंच. पण ती बोट मुंबईहून संध्याकाळी निघायची आणि सकाळी गोव्याला पोचायची. म्हणजे हर्णै ते वेंगुर्ला हा सगळा किनारा प्रवासी झोपेत असताना मागे पडायचा. करोनाच्या साथीत ती थांबली. २०२१च्या सप्टेंबरपासून कॉर्डेलिया क्रूझेसचं ‘एम्प्रेस’ मुंबईहून गोवा, कोची, लक्षद्वीपकडे जाऊ लागलं. १९९० साली बांधलेलं, ४८ हजार टनांचं हे जहाज जगाच्या मापाने लहानच, तरी कोकणातल्या कुठल्याही खाडीसाठी ते फार मोठं आहे. २०२४च्या सप्टेंबरअखेर केंद्राने ‘क्रूझ भारत मिशन’ जाहीर केलं आणि २०२५च्या सप्टेंबरात बॅलार्ड पिअरजवळच्या आंतरराष्ट्रीय क्रूझ टर्मिनलचं उद्घाटन झालं. ऑक्टोबर २०२५पासून मेट्रो ३ आरेपासून कफ परेडपर्यंत पूर्ण धावते आणि मरोळ नाक्याला ती घाटकोपर-वर्सोवा मेट्रोला मिळते, त्यामुळे अंधेरी आणि घाटकोपरच्या माणसाला टर्मिनल गाठणं कधी नव्हे इतकं सोपं झालं आहे. टर्मिनल चांगलंच झालं. पण तिथून सुटणारी मोठी जहाजं रत्नागिरी ओलांडून पुढे जाणार असतील, तर उपनगरातल्या प्रवाशाला सोय मिळाली, आडवाट मिळाली नाही. माझी अपेक्षा त्यामानाने जुन्या भाऊच्या धक्क्याकडून जास्त आहे. २०२०च्या मार्चपासून तिथून मांडव्याला रो-रो, म्हणजे गाड्याही नेणारी बोट, जाते आणि २०२५मध्ये जयगड आणि विजयदुर्गपर्यंतच्या वेगवान रो-रोची घोषणा झाली. अशी सेवा दिवसाउजेडी, थांबे घेत, पूर्ण हंगामभर चालली तर कोकणच्या किनाऱ्याला आपली ‘हुर्टिग्रुटेन’ मिळेल.

तोवर कोकण बोटीतून तुकड्या-तुकड्यांनी पाहावं लागेल, आणि तसं ते पाहता येतं. आगरदांड्याहून दिघी, बागमांडल्याहून वेश्वी, दाभोळहून धोपावे, तवसाळहून जयगड या फेरीबोटी गाडीसकट खाडी ओलांडून देतात. सागरी मार्ग धरून या फेऱ्या जोडत गेलं की किनाऱ्याची ओळख पाण्यावरून होते. ही क्रूझ नाही असं कुणी म्हणेल. माझ्या मते पाण्यावरून गाव गाठणं हा क्रूझचा गाभा आहे आणि पोहण्याचा तलाव व संध्याकाळचे कार्यक्रम हा त्यावरचा थर आहे. ज्याला तो थर हवा त्याने तो जरूर घ्यावा. वेगळं ठिकाण मात्र त्यातून मिळत नाही.

रात्री जहाजात झोपून दिवसा बेटावर उतरण्याची खरीखुरी सफर हवी असेल, तर माझं पहिलं मत लक्षद्वीपला. ३६ बेटं, वस्ती दहांवर आणि सगळ्यांची मिळून जमीन जेमतेम ३२ चौरस किलोमीटर. बहुतेक बेटांभोवती प्रवाळाचं कडं आणि आत उथळ लगून. जहाज कड्याबाहेर थांबतं आणि माणसं लहान बोटीतून आत जातात, जुन्या पडावासारखीच. लक्षद्वीप प्रशासनाची पर्यटन संस्था कोचीहून ‘समुद्रम्’ नावाची सफर राबवत आली आहे. एम. व्ही. कवरत्ती या जहाजातून कवरत्ती, कल्पेनी आणि मिनिकॉय ही तीन बेटं. रात्री प्रवास, दिवसा बेट. ‘आंग्रिया’ जिथे चुकली तिथे ही आखणी बरोबर आहे, कारण इथे रात्री मागे पडतो तो मोकळा समुद्र. त्यातही मिनिकॉय हे बेट निराळं आहे. बाकीच्या बेटांवर मल्याळमच्या वळणाची बोली आणि इथे मालदीवच्या धिवेहीशी सख्खं नातं सांगणारी महल. उत्तरेला नऊ अंशांची सामुद्रधुनी त्याला इतर बेटांपासून तोडते आणि दक्षिणेला आठ अंशांची मालदीवपासून. १८८५ साली उभारलेलं दीपगृह अजून उभं आहे आणि त्याच्या माथ्यावरून पूर्ण लगून नजरेत येतं. टुना मासळीवर चालणारं, पाळीपाळीने सामुदायिक कामं करणाऱ्या वाड्यांचं हे गाव मोठ्या जहाजाच्या यादीत बसूच शकत नाही. लक्षद्वीपला जायला परवाना लागतो, बंगारमखेरीज इतर बेटांवर दारूबंदी आहे आणि राहायच्या जागा मोजक्या आहेत. अनेकांना या अटी जाचक वाटतात. मला त्या योग्य वाटतात. ३२ चौरस किलोमीटरला गोव्यासारखी गर्दी पेलणार नाही.

बाकीचं जग थोडक्यात. ब्रह्मपुत्रेवर आणि गंगेवर लहान नदीजहाजं चालतात. जानेवारी २०२३मध्ये ‘गंगा विलास’ वाराणसीहून दिब्रुगडला ५१ दिवसांच्या सफरीवर निघालं तेव्हा नदीच्या क्रूझची मोठी चर्चा झाली. श्रीलंकेच्या पूर्व किनाऱ्यावर त्रिंकोमाली आहे, ओमानच्या मुसंदममध्ये खसबहून लाकडी नौका फिओर्डासारख्या दऱ्यांत जातात, क्रोएशियाच्या बेटांत तीस-चाळीस प्रवाशांच्या बोटी आहेत. सगळीकडे कसोटी तीच लावावी.

सुरक्षिततेचा आक्षेप मात्र थोडक्यात उरकण्यासारखा नाही, कारण मराठी माणसाच्या मनात लहान बोटीची भीती उगाच बसलेली नाही. ११ नोव्हेंबर १९२७ रोजी ‘जयंती’ आणि ‘तुकाराम’ या दोन बोटी एकाच दिवशी बुडाल्या. १७ जुलै १९४७ रोजी, आषाढी अमावस्येला, भाऊच्या धक्क्याहून रेवसला निघालेली ‘रामदास’ काशाच्या खडकाजवळ उलटली आणि सहाशेहून अधिक माणसं गेली. बोटीवर बिनतारी यंत्रणा नव्हती. वाचलेले लोक किनाऱ्याला लागेपर्यंत मुंबईला काही कळलंच नाही. १८ डिसेंबर २०२४ला गेटवेहून घारापुरीला निघालेली ‘नीलकमल’ नौदलाच्या वेगवान बोटीच्या धडकेने बुडाली आणि पंधरा जणांचा जीव गेला. या घटनांचा अर्थ लहान बोट वाईट असा मी काढत नाही. ‘रामदास’ भर पावसाळ्यात, खच्चून भरलेली, संपर्काच्या साधनाविना निघाली होती. आकाराने लहान असणं आणि बेपर्वाईने चालवलं जाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि दुसरीबद्दल प्रवाशाने अजिबात तडजोड करू नये. लाइफ जॅकेट अंगात घातल्याशिवाय बोट सुटू देऊ नये, क्षमतेहून अधिक माणसं दिसली तर चढूच नये, पावसाळ्यात नसत्या धाडसाला होकार देऊ नये. लहान बोट मोठ्या जहाजापेक्षा जास्त हलते, हेही मान्य करायला हवं. ज्यांना समुद्र लागतो त्यांनी डिसेंबर ते फेब्रुवारीचा शांत काळ आणि जहाजाच्या मधल्या भागातली, खालच्या मजल्यावरची केबिन घ्यावी.

घरातल्या ज्येष्ठांचं काय, हा प्रश्न याला जोडूनच येतो. आंतरराष्ट्रीय नियमांनुसार शंभर किंवा अधिक माणसं असलेल्या आणि तीन दिवसांहून लांबच्या परदेशी सफरींवर जाणाऱ्या जहाजावर डॉक्टर असावाच लागतो. त्याहून लहान जहाजावर तो असेलच असं नाही. पडावातून किंवा रबरी बोटीतून उतरताना गुडघे धड लागतात. हृदयविकार किंवा चालण्याचा त्रास असलेल्या आईवडिलांना घेऊन जायचं असेल तर धक्क्याला लागणारं मोठं जहाजच बरं, आणि ते निवडण्यात काही कमीपणा नाही. जेवणाचं मात्र मोठं कारण होऊ नये. मुलुंड-घाटकोपरमधल्या जैन आणि शाकाहारी कुटुंबांची सोय भारतीय मोठ्या जहाजांवर होते. लहान जहाजावर स्वयंपाकघर लहान असतं, म्हणून महिनाभर आधी लेखी कळवावं लागतं इतकंच.

खर्चाचा आक्षेप अर्धा खरा आहे. ध्रुवप्रदेशातली लहान जहाजं माणशी फार महाग पडतात, कारण खर्च वाटून घ्यायला माणसंच कमी. पण सार्वजनिक सेवा म्हणून चालणारी लहान जहाजं, मग ती लक्षद्वीप प्रशासनाची असोत की कोकणातल्या खाड्यांवरच्या फेरीबोटी, मध्यमवर्गाच्या आवाक्यातली आहेत. पर्यावरणाच्या दृष्टीनेही लहान जहाज आपोआप निर्दोष ठरत नाही. माणशी इंधन त्यात जास्तही जळू शकतं. त्याची जमेची बाजू किनाऱ्यावर आहे: गावाच्या पाण्यावर, कचऱ्यावर, रस्त्यावर पडणारा भार माणसांच्या आकड्यावर ठरतो. उद्या सगळेच आडवाटेला लागले तर ती आडवाट उरेल का, असंही विचारलं जातं. बंदराची खोली वाढवली नाही तर उरेल. म्हणून कोकणातल्या खाड्यांत क्रूझसाठी मोठं खोदकाम करण्याची मागणी कुणी केली तर तिला माझा ठाम विरोध राहील. तिथे हव्यात त्या लहान, मजबूत जेट्ट्या, भरतीचे फलक, प्रशिक्षित तांडेल (बोटीचे नाखवे) आणि वेळेवर सुटणाऱ्या बोटी.

तेव्हा पुढच्या सुट्टीची आखणी करताना टूर कंपनीला प्रवाशांची संख्या, जहाजाचा ड्राफ्ट (बूड पाण्याखाली किती खोल जातं ते) आणि प्रत्येक बंदरातल्या मुक्कामाचे तास आधी विचारा. कुठे जातं ते मग पाहा. मुंबई-गोवा बोट दिवसा किनाऱ्याजवळून जाणार असेल तर तिला पसंती द्या. लक्षद्वीपचा हंगाम ऑक्टोबर ते मेच्या मध्यापर्यंत असतो, वेळापत्रक बदलत राहतं आणि परवान्याच्या कागदपत्रांना वेळ लागतो. मार्चमध्ये जायचं असेल तर अर्जाची तयारी या दिवाळीतच सुरू करावी.